महापालिकेचा गाळा सार्वजनिक कामासाठी रिकामा करायची वेळ आली, तर : कोल्हापूरच्या गाळेधारकांसाठी सविस्तर मार्गदर्शन

कोल्हापूरची नगरपालिका १८५४ साली स्थापन झाली आणि १५ डिसेंबर १९७२ रोजी तिची महानगरपालिका झाली. या प्रदीर्घ काळात शहरात पालिकेच्या मालकीच्या मंडया, मार्केट आणि रस्त्याकडेचे गाळे उभे राहिले आणि त्यांवर अनेक कुटुंबांच्या दोन-दोन, तीन-तीन पिढ्यांचा संसार चालला. आता कुठे रस्ता रुंद करायचा असतो, कुठे वाहनतळ उभारायचा असतो, कुठे जीर्ण झालेले मार्केट पाडून नवे संकुल बांधायचे असते, तर कुठे अंबाबाई मंदिराच्या परिसरातील गर्दीसाठी जागा मोकळी करायची असते. अशा प्रत्येक वेळी गाळा खाली करण्याची नोटीस दुकानाच्या शटरवर येते. तेव्हापासून किल्ल्या हाती देईपर्यंत आणि त्यानंतरही गाळेधारकाने काय करायचे, कोणत्या क्रमाने करायचे आणि कुठे सावध राहायचे, हे या लेखात मांडले आहे.

एक गोष्ट आधीच स्पष्ट केलेली बरी. सार्वजनिक हितासाठी स्वतःची मिळकत रिकामी करून घेण्याचा अधिकार महापालिकेला कायद्याने दिलेला आहे आणि केवळ ‘आम्ही साठ वर्षे इथे आहोत’ एवढ्या म्हणण्यावर तो अधिकार थांबत नाही. गाळेधारकाचे खरे बळ तीन ठिकाणी असते : सांगितलेले कारण खरे आणि कागदावर आहे की नाही, ठरलेली प्रक्रिया पाळली गेली की नाही, आणि पुनर्वसनाचा शब्द लेखी मिळाला की नाही. पुढची सगळी कामे या तीन गोष्टींसाठीच करायची आहेत.

गाळा नेमका कोणाचा, हे आधी पाहा

हा प्रश्न अनेकांना अनावश्यक वाटतो, पण सगळी दिशा त्यावर ठरते. कोल्हापूर शहरात शेजारी-शेजारी असलेल्या दोन दुकानांपैकी एक महापालिकेचे, तर दुसरे देवस्थानाचे किंवा खासगी मालकाचे असू शकते. खासगी इमारत रस्ता रुंदीकरणात जात असेल, तर भूसंपादन आणि मोबदला यांचे कायदे लागू होतात. गाळा महापालिकेच्याच मालकीचा असेल, तर संपादन करण्यासारखे काही उरत नाही, कारण मालक स्वतःचीच मिळकत परत मागत असतो. त्यामुळे ‘समोरच्याला इतका मोबदला मिळाला, मग मला का नाही’ हा युक्तिवाद महापालिकेच्या गाळ्याबाबत सहसा टिकत नाही. पदपथावरील फेरीवाल्यांसाठी २०१४ चा स्वतंत्र कायदा आहे आणि तोही गाळेधारकांना लागू होत नाही.

दुसरा गैरसमज भाडे नियंत्रण कायद्याचा आहे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम ३ नुसार शासनाच्या किंवा स्थानिक प्राधिकरणाच्या मालकीच्या जागांना हा कायदा लागू होत नाही. खासगी चाळीतल्या दुकानदाराला जे संरक्षण आहे, ते महापालिकेच्या गाळेधारकाला नाही. इथे लागू होतो तो महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम, १९४९ आणि त्यातील कलम ८१-ए पासून पुढची कलमे. नगरपरिषद, जिल्हा परिषद किंवा ग्रामपंचायत यांच्या गाळ्यांसाठी कायदे वेगळे आहेत. इचलकरंजीची आता महापालिका झाली आहे, पण कागल, जयसिंगपूर किंवा गडहिंग्लज येथील नगरपरिषदेच्या गाळेधारकाने हा लेख वाचला, तर कलमांचे आकडे तसेच्या तसे घेऊ नयेत.

नोटीस येण्याआधीच करायची कामे

परिसरात मोजणी सुरू झाली, नगररचना विभागाची माणसे टेप घेऊन फिरू लागली किंवा वर्तमानपत्रात आराखड्याची बातमी आली, की त्याच आठवड्यात कागद एकत्र करायला घ्यावेत. करारपत्र, गाळा दिल्याचा ठराव किंवा लिलावाचा कागद, डिपॉझिटची पावती, भाड्याच्या पावत्या, घरफाळ्याच्या पावत्या, दुकानाचा परवाना, वीजबिले आणि जीएसटी नोंदणी अशी एक फाईल करावी. मूळ कागद घरी ठेवून दुकानात फक्त प्रती ठेवाव्यात, कारण नेमका गाळाच सील झाला, तर कागदही आत अडकतात.

भाड्याच्या पावत्या नीट वाचाव्यात, कारण बहुतेकजण त्यावरची रक्कम पाहतात आणि पावती बाजूला ठेवतात. पावतीवर ‘भाडे’ असे लिहिले आहे की ‘नुकसानभरपाईपोटी’ असे लिहिले आहे, कोणत्या कालावधीसाठीची ती आहे आणि कोणाच्या नावाने फाडली आहे, हे महत्त्वाचे असते. कराराची मुदत संपून गेली असेल, तर कायद्याच्या व्याख्येनुसार मुदतीनंतरचा ताबासुद्धा ‘अनधिकृत’ या शब्दाखाली येऊ शकतो. मुदतीनंतरही पालिका नियमित भाडे स्वीकारत राहिली असेल, तर त्या पावत्या पुढे सुनावणीत दाखवायचा फार उपयोगी पुरावा ठरतात.

सर्वांत नाजूक बाब नावाची आहे. मूळ गाळेधारक आजोबा, त्यांच्या पश्चात वारसनोंद केलेली नाही आणि धंदा नातू चालवतो. किंवा मूळ गाळेधारकाकडून मुद्रांकावर लिहून घेऊन गाळा ‘घेतला’, पण इस्टेट विभागाच्या (महापालिकेच्या मिळकती सांभाळणाऱ्या खात्याच्या) नोंदवहीत नाव जुनेच राहिले, अशी उदाहरणे प्रत्येक मार्केटमध्ये आहेत. पहिल्या प्रकारात मृत्यू दाखला, वारसाचे कागद आणि इतर वारसांची संमती जोडून नावनोंदणीचा अर्ज ताबडतोब द्यावा आणि त्याची आवक क्रमांकासह पोच घ्यावी. दुसरा प्रकार अवघड आहे, कारण पालिकेच्या परवानगीशिवाय गाळा दुसऱ्याला देणे हे स्वतःच निष्कासनाचे, म्हणजे गाळ्यातून काढून टाकण्याचे, कारण आहे. तिथे खोटा देखावा उभा करण्यापेक्षा जाणकार वकिलाचा सल्ला घेऊन हस्तांतरण नियमित करून मिळण्याचा प्रयत्न करावा. पुनर्वसनाची यादी नोंदवहीवरून तयार होते आणि प्रत्यक्ष धंदा करणारा माणूस त्या यादीबाहेर राहतो, ही या सगळ्या प्रक्रियेतील सर्वांत दुःखद गोष्ट आहे. ती वेळेवर अर्ज केल्याने अनेकदा टळू शकते.

थकबाकीचे काय करायचे, हेही इथेच सांगायला हवे. रेडीरेकनरच्या (शासनाने ठरवलेल्या मालमत्ता मूल्याच्या) दराने आकारलेल्या भाड्यावरून कोल्हापुरात गाळेधारक आणि महापालिका यांच्यात वाद झालेले आहेत आणि वाढीव भाडे मान्य नाही म्हणून भाडेच न भरण्याचा मार्ग काहींनी पत्करला. हा मार्ग घातक आहे. दोन महिन्यांपेक्षा अधिक काळ भाडे थकणे हे कलम ८१-बी खाली स्वतंत्र कारण आहे. सार्वजनिक हिताच्या कारणासोबत तेही नोटिशीत आले, की गाळेधारक ‘विस्थापित’ न राहता ‘थकबाकीदार’ ठरतो आणि पुनर्वसनाच्या चर्चेत त्याची जागा मागे जाते. आपल्या हिशेबाने मान्य असलेले भाडे ‘हक्क व तक्रारी राखून’ असे पत्रात लिहून भरत राहावे. कार्यालयाने घेण्यास नकार दिला, तर धनाकर्ष (डिमांड ड्राफ्ट) रजिस्टर पोस्टाने पाठवून त्याची पावती जपावी.

नोटीस हाती आल्यावर

नोटीस आली त्या दिवसाची नोंद करावी. ती हातात दिली, पोस्टाने आली की शटरवर डकवली, हे लिहून ठेवावे. डकवलेली असेल, तर काढण्याआधी तारीख दिसेल असा फोटो घ्यावा आणि पोस्टाने आली असेल, तर पाकीट टाकू नये. पुढच्या सगळ्या मुदती या दिवसापासून मोजल्या जातात.

मग ती नोटीस कोणत्या टप्प्याची आहे, ते पाहावे. कलम ८१-बी नुसार आधी कारणे दाखवा नोटीस द्यावी लागते, तिच्यात कारण लिहावे लागते आणि म्हणणे मांडण्यासाठी तारीख द्यावी लागते. त्यानंतरच गाळा एका महिन्यात रिकामा करण्याचा आदेश देता येतो. पहिलाच कागद थेट ‘सात दिवसांत गाळा खाली करा’ असा आला असेल, तर प्रक्रियेतील हा दोष उत्तरात सर्वांत आधी नोंदवावा. बाजू मांडण्याची संधी न देता कोणाला हलवता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली ओल्गा टेलिस प्रकरणात मुंबईच्या पदपथावर राहणाऱ्यांच्या संदर्भातही सांगितले होते. पालिकेच्या नोंदवहीत नाव असलेल्या गाळेधारकाचा हा हक्क तर अधिकच स्पष्ट आहे.

नंतर कारणाचे वाक्य शोधावे. कलमात मुख्यतः अशी कारणे आहेत : भाडे थकणे, पोटभाडेकरू ठेवणे, जागेचे नुकसान करणे, अटी मोडणे, अनधिकृत ताबा असणे आणि सार्वजनिक हितासाठी जागेची गरज असणे. नोटिशीत यांपैकी कोणते कारण आहे, की सगळी एकदम लिहिली आहेत, यावर उत्तर कसे लिहायचे ते ठरते. इमारत धोकादायक आहे असे कारण असेल, तर ती नोटीस बहुधा कलम २६४ किंवा २६८ खाली असते आणि त्या वाटेने गोष्टी फार वेगाने घडतात. तिथे पहिल्याच दिवशी संरचनात्मक तपासणीच्या अहवालाची प्रत मागावी. इमारत खरोखर पडण्याच्या स्थितीत असेल, तर मात्र कायद्याचा कीस काढत आत बसू नये. आपला, नोकरांचा आणि गिऱ्हाइकांचा जीव वाचवणे हेच पहिले कर्तव्य आहे. सामान हलवावे आणि हक्काची लढाई बाहेरून लढावी.

कारण तपासणे : माहितीचा अर्ज आणि आराखडा

‘सार्वजनिक हित’ हे दोन शब्द नोटिशीत लिहिले म्हणजे ते सिद्ध होत नाही. माहिती अधिकार अधिनियम, २००५ खाली इस्टेट विभाग आणि नगररचना विभाग यांच्याकडे वेगवेगळे अर्ज द्यावेत. माहिती देण्याची मुदत ३० दिवसांची असल्याने नोटीस येण्याची वाट न पाहता हे अर्ज आधीच गेलेले असणे उत्तम; उशीर झाला असेल, तर अर्जातच अभिलेखांची प्रत्यक्ष पाहणी मागावी.

अर्जात मोघम प्रश्न विचारू नयेत. मंजूर विकास आराखड्यात या जागेवर कोणते आरक्षण आहे आणि त्या भागाचा नकाशा, प्रकल्पाचा महासभेचा किंवा प्रशासकांचा ठराव, प्रशासकीय आणि तांत्रिक मंजुरी, अंदाजपत्रकातील तरतूद, प्रकल्पाला प्रत्यक्ष किती जागा लागते आणि त्यात कोणते गाळे येतात, विस्थापित होणाऱ्या गाळेधारकांची यादी आणि पुनर्वसनाबाबत झालेला निर्णय, असे नेमके कागद मागावेत. कोल्हापूर महापालिकेच्या सभागृहाची मुदत नोव्हेंबर २०२० मध्ये संपली आणि त्यानंतरच्या काळातील अनेक निर्णय प्रशासकांनी घेतले, त्यामुळे त्या वर्षांतील ठराव शोधताना प्रशासकीय ठराव मागायला विसरू नये.

या कागदांतून दोन गोष्टी कळतात. एक, प्रकल्पासाठी खरोखर आपलाच गाळा लागतो का. रुंदीकरणात पुढचे सहा फूट जाणार असतील आणि मागे वापरता येईल एवढी जागा उरत असेल, तर पूर्ण गाळा रिकामा करण्याऐवजी तेवढाच भाग देण्याचा प्रस्ताव मांडता येतो. दुसरी, प्रकल्पाला पैसे आणि मंजुरी आहे का. निधीची तरतूद नसताना गाळे रिकामे करून ती जागा वर्षानुवर्षे पत्र्याच्या कुंपणात पडून राहिली, तर नुकसान गाळेधारकांचे होते आणि शहराचेही होते. म्हणून हा प्रश्न विचारणे हा विकासाला विरोध नाही, असे माझे ठाम मत आहे.

उत्तर आणि सुनावणी

उत्तर लेखी द्यावे, दिलेल्या तारखेच्या आत द्यावे आणि पोच घ्यावी. संघटनेने एकच छापील नमुना सर्वांना वाटला, तरी प्रत्येकाने स्वतःच्या गाळ्याचा तपशील त्यात घालावा, कारण आदेश प्रत्येक गाळ्यावर वेगळा होतो आणि अपीलही वेगळे होते. उत्तरात आधी प्रक्रियेतील दोष, मग थकबाकी वगैरे आरोपांचे पुराव्यासह खंडन, मग सार्वजनिक हिताच्या कारणाबद्दलचे म्हणणे आणि शेवटी, म्हणणे मान्य न झाल्यास पुनर्वसनाबाबतची मागणी, हा क्रम सोयीचा पडतो. ही शेवटची मागणी ‘पहिले म्हणणे कायम ठेवून’ असे लिहून करावी, म्हणजे जागा सोडण्यास आपण तयारच आहोत असा अर्थ कोणी काढणार नाही.

सुनावणीला वकिलामार्फत हजर राहता येते. प्रत्येक तारखेला काय झाले याची रोजनाम्यात (सुनावणीच्या कामकाजाच्या नोंदीत) नोंद होते की नाही, ते पाहावे. आपण दिलेला कागद नोंदला गेला नसेल, तर त्याच दिवशी पत्र देऊन तसे कळवावे. पुढे जिल्हा न्यायालयात मुख्यतः हेच अभिलेख पाहिले जातात.

पुनर्वसन : शब्द नको, कागद हवा

पर्यायी गाळा मिळणे हा प्रत्येक गाळेधारकाचा आपोआप मिळणारा कायदेशीर हक्क नाही. तो करारातील अटीतून, पालिकेच्या ठरावातून किंवा प्रकल्पाच्या योजनेतून येतो. म्हणूनच वाटाघाटीचा काळ सर्वांत मोलाचा आहे आणि तो नोटिशीनंतर फार लवकर संपतो.

‘नव्या संकुलात सगळ्यांना गाळे देऊ’ हे बैठकीतले वाक्य पुरेसे नाही. नवा गाळा किती चौरस फुटांचा आणि तो चटई क्षेत्र (भिंतींच्या आतली वापरती जागा) धरून की बांधकाम क्षेत्र (भिंतींसह) धरून, कोणत्या मजल्यावर, दर्शनी बाजू कोणत्या रस्त्याला, भाडे कोणत्या दराने आणि किती वर्षांनी वाढणार, जुने डिपॉझिट वळते होणार की नवे भरावे लागणार, भाडेपट्ट्याची मुदत किती, बांधकाम चालू असताना तात्पुरती जागा कुठे आणि तिचे भाडे काय, आणि बांधकाम लांबले, तर काय, या प्रत्येक प्रश्नाचे उत्तर ठरावात किंवा करारात आले पाहिजे. महापालिकेला स्वतःची मिळकत बाजारमूल्यापेक्षा कमी मोबदल्यात देता येत नाही, असे कलम ७९ सांगते, आणि भाडेपट्ट्याच्या नूतनीकरणाबाबत राज्य शासनाने २०१९ साली नियमही केले आहेत. त्यामुळे एखाद्या अधिकाऱ्याने किंवा पुढाऱ्याने तोंडी कबूल केलेले जुनेच भाडे पुढे लेखापरीक्षणात अडते आणि मग वसुलीची नोटीस दुकानदारालाच येते.

मजल्याचा प्रश्न मी मुद्दाम जोर देऊन मांडतो. कपिलतीर्थ मार्केटमध्ये भाजी घ्यायला आलेली गृहिणी दोन पिशव्या घेऊन जिना चढत नाही. महाद्वार रोडला दर्शनाहून परतणारा भाविक चालता-चालता दिसलेल्या दुकानात शिरतो. तेच दुकान दुसऱ्या मजल्यावर गेले, तर त्याच्यापुरते ते नाहीसेच झाले. सराफी, शिलाई किंवा कार्यालयासारखा व्यवसाय वरच्या मजल्यावर तग धरू शकतो; भाजी, फुले, पूजासाहित्य आणि चहा यांना तळमजलाच लागतो. म्हणून सर्वांसाठी चिठ्ठी टाकून गाळेवाटप करण्याऐवजी व्यवसायाच्या प्रकारानुसार मजले ठरवून मग त्या-त्या गटात सोडत काढण्याची मागणी संघटनेने सुरुवातीलाच करावी. हे इमारतीचा नकाशा मंजूर होण्याआधी झाले, तर वास्तुविशारद जिने, माल चढवण्याची लिफ्ट आणि ओला कचरा साठवण्याची जागा तशी आखू शकतो. नकाशा मंजूर झाल्यावर ही मागणी करणे फार अवघड जाते.

कोऱ्या मजकुराच्या हमीपत्रावर सही करू नये आणि ‘भविष्यात कोणताही हक्क सांगणार नाही’ अशा वाक्यावर पर्यायी गाळ्याचा लेखी उल्लेख आल्याशिवाय मुळीच सही करू नये.

आदेश झाला तर

निष्कासनाचा आदेश बजावला गेल्यापासून गाळा रिकामा करण्यास एक महिना मिळतो आणि कलम ८१-एफ खालच्या अपिलाची मुदतही एक महिन्याचीच आहे. दोन्ही मुदती बरोबरच धावत असल्याने शेवटच्या आठवड्यात वकील शोधणाऱ्या माणसाचे अपील दाखल होते, पण स्थगिती मिळण्याआधीच ताबा जातो. आदेश मिळाला त्याच दिवशी प्रमाणित प्रतीसाठी अर्ज करावा आणि अपिलासोबतच स्थगितीचा अर्ज दाखल करावा. अपील जिल्हा न्यायाधीशांकडे, म्हणजे कसबा बावड्याच्या न्यायसंकुलात चालते. कायद्याने अपिलाची वाट स्वतः घालून दिलेली असल्यामुळे वेगळा दिवाणी दावा लावण्यात वेळ घालवू नये.

अपील फेटाळले गेले, तर रिट याचिकेसाठी पूर्वी मुंबई गाठावी लागत असे. ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात भाऊसिंगजी रोडवर सुरू झाले आहे आणि कोल्हापूरसह सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग येथील प्रकरणे तिथे चालतात. लहान दुकानदारासाठी हा फार मोठा दिलासा आहे. तरीही प्रकल्प खरा असेल आणि प्रक्रिया नीट पाळली असेल, तर उच्च न्यायालय सहसा तो थांबवत नाही. तिथे वाजवी मुदत आणि पुनर्वसनाच्या आश्वासनाची नोंद मिळवणे हेच अनेकदा व्यवहार्य उद्दिष्ट असते. मुदत संपल्यावर विनास्थगिती ताबा धरून ठेवला, तर कलम ८१-सी खाली नुकसानभरपाई मालमत्ता कराच्या थकबाकीप्रमाणे वसूल होऊ शकते आणि आवश्यक तेवढे बळ वापरून गाळा ताब्यातही घेता येतो.

गाळा देताना आणि दिल्यावर

फळ्या, कपाटे, शटर, पंखे, एसी अशा आपण बसवलेल्या वस्तू ताबा सोडण्याआधी काढून नेण्याचा हक्क भाडेकरूला मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम १०८ ने दिलेला आहे, मात्र जागा मूळ स्थितीत ठेवावी लागते आणि करारात वेगळी अट असेल, तर ती पाळावी लागते. काढण्याआधी चारही भिंतींचे फोटो घ्यावेत. किल्ल्या देताना पंचनामा करून घ्यावा; त्यात गाळा क्रमांक, मोजमाप, तारीख, वेळ आणि ‘ताबा सार्वजनिक प्रयोजनासाठी घेतला’ हे शब्द असावेत आणि पुनर्वसनाच्या ठरावाचा क्रमांकही लिहून घ्यावा. त्याच दिवशी महावितरणकडे मीटर कायमचे बंद करण्याचा अर्ज द्यावा, नाहीतर बांधकाम चालू असतानाही स्थिर आकाराचे बिल येत राहते.

घरफाळा आणि पाणीपट्टीचा बेबाकी (थकबाकी नसल्याचा) दाखला घेऊन डिपॉझिट परत मिळण्याचा किंवा वळते करण्याचा अर्ज करावा. जीएसटी नोंदणीतील पत्ता बदलल्यास तो बदल १५ दिवसांत कळवावा लागतो. खाद्यपदार्थ किंवा औषधे विकणाऱ्यांचा परवाना त्या जागेपुरता असतो, म्हणून तात्पुरत्या जागेत धंदा सुरू करण्याआधी तो बदलून घ्यावा. औषध दुकानदारांनी तर जागेचे मोजमाप अटीत बसते का, हे आधीच पाहावे.

नवा गाळा ताब्यात मिळाला, की करार नोंदणीकृत करून घ्यावा. एक वर्षाहून अधिक मुदतीचा भाडेपट्टा नोंदणीशिवाय टिकत नाही, आणि मागच्या वेळी जो गोंधळ झाला, तो बहुतेक ठिकाणी याच कारणाने झालेला असतो. करारात धंदा प्रत्यक्ष चालवणाऱ्याचे नाव आहे ना, गाळ्याचा क्रमांक आणि चौरस फूट ठरावाशी जुळतात ना, हे सहीपूर्वी पाहावे आणि पहिल्याच भाड्याच्या पावतीवर तेच नाव छापून येईल, याची इस्टेट विभागात जाऊन खात्री करून घ्यावी.